अर्धा काठ

सोलापुरात शेवाळ? मॅडम फोनवर हसल्या.
माणसांना तिथं चार दिवसांआड पाणी
आणि तू भिंतीवरचं हिरवं शोधतेस.

सापडलं.
साखर पेठेत, बंद पडलेल्या डाइंगच्या मागे,
रंगाच्या हौदाची उत्तरेकडची चुन्याची भिंत,
जिथं एक व्हॉल्व्ह अकरा वर्षं ठिबकतो आहे
कारण तो कोणाच्याच नावावर नाही.
नखाएवढा ठिपका. हिरवाही नाही,
चहाच्या चोथ्यासारखा.
चाकूच्या टोकानं उचलला, कागदाच्या पुडीत घातला.
पुडीची तोंडं मी आई विडीचं तोंड मोडते
तशीच मोडते. दुसरी पद्धत मला येत नाही.

घरी, चादरीच्या घडीवर कॉलेजचा मायक्रोस्कोप.
एक थेंब पाणी.
सतरा सेकंद मोजले,
तोवर एकेक पान अंग सोडवत उठलं,
जणू कोणी हाक मारली आणि
हे नुसतंच डोळे मिटून पडलं होतं.

पुस्तक विचारत जातं, मी सांगत जाते.
पानं चहूबाजूंनी, की दोनच रांगांत?
दोनच. पिसासारखी, चपटी.
पानाच्या बुडाशी खिसा आहे का,
वरच्या पानाचं बूड खोचलेला?
आहे.
मग संपलं. असा खिसा दुसऱ्या कोणाला नाही.
फिसिडेन्स.

म्हणजे चिरलेले दात.
बोंडाच्या तोंडाशी सोळा दात असतात,
प्रत्येक टोकाकडे दुभंगलेला.
माझ्या ठिपक्याला बोंडच नाही.
ज्यावरून नाव पडलं ते दिसलेलं नसताना
मी पेन्सिलीनं नाव लिहिते.

पुढे अडलं.
पानाच्या कडेनं लांबट पेशींची एक रेघ जाते.
ती टोकापर्यंत पोचते, की खिशाशीच थांबते,
यावर जात ठरते.
तीन रात्री रेघ कधी होती, कधी नव्हती.

चौथ्या रात्री नायना उठून आले.
सत्तय्या येमुल, बेचाळीस वर्षं मागावर,
कान मागानं खाल्ले, डोळे राहिले.
वाकून बघू लागले, आणि उजवा हात
आपोआप पुढे आला,
तुटलेलं सूत धरायला.
"अंचु," म्हणाले. "काठ आहे की.
अर्ध्यापर्यंत विणलाय. वर सोडून दिलाय."
मी वहीत लिहायला घेतलं,
तर काच सरकवून म्हणाले, "थांब.
याला नाही, पण या शेजारच्याला वरपर्यंत गेलाय.
हा सगळा एकाच मागावरचा माल आहे का?"

मला ओरडून सांगावं लागलं: माहीत नाही.
पुस्तकालाही माहीत नाही.
पुस्तक लिहिणाऱ्यानं बहुतेक
एकच पान बघितलं असावं.

पुडीवर लिहिलं:
प्रजाती फिसिडेन्स.
जाती, पुढे मोकळी जागा.
नायनांनी चष्मा वर करून वाचलं.
"जात लिहिली नाहीस?"
कळली नाही.
"बरं झालं," म्हणाले, आणि झोपायला गेले.

सकाळी वंगारी काकू कागद घेऊन दारात.
तो व्हॉल्व्ह. पालिकेला अर्ज.
सगळ्या गल्लीच्या सह्या, आमचीच राहिली होती.
किती पाणी वाया जातं गं, काकू म्हणाल्या,
आणि खरंच जातं, मी स्वतः मोजलंय,
दर मिनिटाला एकोणचाळीस थेंब.
मी सही केली.

मग पुडी पुन्हा काढली
आणि स्थळ या शब्दापुढे लिहीत बसले:
साखर पेठ, हौदाची उत्तर भिंत,
जमिनीपासून दोन वीत चार बोटं,
व्हॉल्व्हच्या डाव्या हाताला.