प्लस सव्वा

ठाकुरद्वारच्या माझ्या दुकानात
मृण्मयी धुरंधर हनुवटी टेकवते यंत्रावर.
सहा महिने वर राहून आली.
डॉक्टरांच्या चिठ्ठीत लिहिलंय:
बुबुळामागचा गोळा चपटा झालाय.
कणकेच्या गोळीला अंगठा लागावा तसा, मी समजून घेतो.

दूरचं नीट. जवळचं पुसट.
‘वरून मुंबई दिसायची,’ ती म्हणते,
‘काळ्या पाण्यात बुडवलेलं उजेडाचं बोट.
आणि हातातली यादी वाचता यायची नाही.’

मी भिंगं बदलतो. हे बरं, की हे?
‘आधीचं.’ पुन्हा. ‘दोन्ही सारखीच.’

झोपायला डोळे मिटले की
पापणीआड एक पांढरी रेघ चमकून जाई.
कुठल्या ताऱ्याचा कण, थेट आरपार.
दुखायचं नाही.
रेघा मोजत पडून राहायची.

नवी फ्रेम तिला आवडते,
आणि बोलता बोलता ती हवेतच सोडून देते,
जणू तिथेच थांबेल.
फरशीवर काच तडकते.
आम्ही दोघं खाली बघत राहतो.

‘बिलात लावा.’
मी लावत नाही.

रात्री शटर अर्धं ओढून
मिनिटभर डोळे मिटून उभा राहतो.
काळोख. रस्त्यावरच्या दिव्याचा
थोडा तांबूसपणा.
अजून थोडं थांबतो.