अकरावी बांधली की

फेब्रुवारीतल्या एका दुपारी
व्हर्नन हिलगार्टने मागचं दार वाजवलं.
हातात पत्र्याचा डबा, डब्यात एकच कार्ड,
आणि बुटांना चिकटलेला डब्यूकचा अर्धा रस्ता, बर्फासकट.
"दोनदा केलं, दोनदा फेकलं," म्हणाला.
"आधी चिखल झाला, मग वाळू.
तुला गोडाचं कळतं, लव्हॉन म्हणायची."

तिचं अक्षर ओळखीचं होतं.
माझं पार्सल तिच्याकडे पडलं
की दारावर डकवायची त्या चिठ्ठ्यांतलं.
साखर दोन कप. दूध अर्धा. लोण्याची एक कांडी. कोको.
मीठ चिमूटभर, विसरू नको,
असं बहुतेक स्वतःलाच दटावलेलं.
मग: खळखळून उकळी आली की बरोब्बर
आणि पुढे डाग.
अंगठ्याएवढा, कोकोचाच.
डागाच्या पलीकडे पीनट बटर, ओट्स,
चमच्याने कागदावर टाका, हात लावू नका.
ओव्हनचं नावही नाही.

मी म्हटलं, पाक मला कळतो.
लाडवाचा एकतारी, चिक्कीचा गोळीबंद;
वीस दिवाळ्या आईच्या हाताखाली काढल्यात.
पण दुधालोण्यातल्या या काळ्या रसाला
तार म्हणून येईना.
चिमटीत धरून पाहिला,
बोटं भाजली तेवढी.

व्हर्नन टोपी मांडीवर घेऊन बसलेला.
"ती घड्याळ बघत नसे," खिडकीला सांगावं तसं म्हणाला.
"गायी मोजायची.
बापाच्या गोठ्यातल्या. अकरा होत्या.
उकळी फुटली की एकेकीचं नाव,
सावकाश, जशी एकेक आत येते तसं.
अकरावी बांधली की गॅस बंद."

मी चमचा हातात धरून: नावं?

"डचेस," तो म्हणाला. "पर्ल. बटन्स.
हेझल. ट्रिक्सी. मेझी, ती लाथ मारायची.
ग्रेस."
मग बराच वेळ नुसतं पातेलं बोलत राहिलं.
"सत्तावन्न वर्षं ऐकली," म्हणाला.
"मी त्या वेळी पेपर वाचत असायचो."

ते पातेलं गेलंच. भांडणाशिवाय फेकलं.
दुसरं चढवलं.

सात गायींत मिनिट भरत नाही.
चार खुंटे मोकळे.
आमच्या दारी गाय कधीच नव्हती,
सांगोल्याच्या भाड्याच्या घरामागे तीन शेळ्या होत्या,
शाळेतून आल्यावर त्यांना पाला टाकायचं काम माझं.
त्यांची नावं मी
तीस वर्षांत कुणाला सांगितली नव्हती;
कोण विचारणार?

उकळी आली.
तो म्हणाला डचेस, पर्ल, बटन्स,
हेझल, ट्रिक्सी, मेझी, ग्रेस,
आणि मी पुढे: चंद्री. भोरडी. ठकी.
एक खुंटा उरलाच.
समोरच्या टेलरचा कुत्रा, टायगर.
गॅस बंद.

पीनट बटर आधी रुसलं, मग विरघळलं.
ओट्स पडले तसा चमचा जड झाला.
सवयीने मी ताटाला तूप लावायला निघाले,
थापायला, सुरीने चौकोन पाडायला.
"हात लावू नका," व्हर्ननने कार्ड वाचून दाखवलं.
मग टाकत गेले कागदावर,
वेडेवाकडे ढीग, एकासारखा दुसरा नाही,
शेणी घातल्यात असं मनात आलं, बोलले नाही.

पोर्चवरच्या थंडीत ते वीस मिनिटांत धरले.
त्याने एक खाल्ला, दुसरा डब्यात ठेवला,
पुन्हा काढून खाल्ला.
"जवळपास," म्हणाला.
एवढंच. डबा काखेत मारून गेला.

परवा रात्री दहाला दार.
रात्रीचा शर्ट, वरून कोट, बुटांच्या नाड्या सुट्या.
"डोलोरेस!" म्हणाला,
"एका शिंगाची! डोलोरेस!"

आत ये म्हटलं. दूध होतं, साखर होती.
या खेपेला
टायगरला वगळलं.