गीत : पारंपरिक

तबकडीच्या पोटावरच्या लाल कागदावर एवढंच छापलंय.
ही तबकडी आमच्या दुकानात नऊ वेळा झिजली,
वडिलांनी नऊ वेळा नवी मागवली.
निपाणीतल्या दर लग्नात, मांडवाच्या खांबाला बांधलेल्या कर्ण्यातून
ती कुणाला तरी ‘उद्या ये’ म्हणायची.
चिकोडीचे, संकेश्वरचे, सदलग्याचे वऱ्हाडी माना डोलवायचे.
घरात कन्नड बोलत असोत की मराठी,
खिडकीतली मुलगी सगळ्यांना कळायची.

खिडकी नव्हतीच पण.

वखार होती. जिनगोंडा मगदूम तिथला मापाडी.
शनिवारी पगार मागायला बायका आल्या की
काट्यामागून मान वर न करता तो म्हणायचा,
नाळे बा.
म्हणजे उद्या ये. सोमवारीसुद्धा नाळे बा.
साठ बायका, साठ चाळण्या, नाकाला पदर,
घशात तंबाखूची खाट.
त्यात बोरगावची नीलव्वा.
तिनं ते दोन शब्द चाळणीच्या ठेक्यावर घेतले,
ना-ळे-बा,
आणि शेवटचा आकार छपराच्या पत्र्याला लागेपर्यंत ओढला.
सगळ्याजणी हसल्या. जिनगोंडाची कानशिलं तापली.
मग रोजच.

समोरच्या धर्मशाळेत उतरलेला नाटक कंपनीचा पेटीवाला
तपकीर घ्यायला आला, चाल घेऊन गेला.
मुंबईत तिला खिडकी बसवली, जाईचा वेल सोडला,
‘बा’ काढून ‘ये’ घातलं.
वडील पेटी ओढून दाखवायचे :
बघ, ‘बा’ला तोंड उघडतं. ‘ये’ला दात आडवे येतात.
म्हणून ती बाई तिथं जराशी थरथरते
आणि लोकांना वाटतं, विरह.

आई भुलली ती याच थरथरीला.
वडिलांना तेव्हा सगळं ठाऊक होतं.
चौदा वर्षं तिला बोलले नाहीत.

छप्पन्न साल आलं. पाट्यांवरची अक्षरं बदलली,
मोर्चे निघाले, आमच्या फळीवर दोनदा दगड बसला.
गाणं वाजतच राहिलं,
कोटाच्या आत अस्तर असावं तसा
मराठी शब्दाखाली तो कन्नड शब्द.

नीलव्वाला मी एकदाच पाहिलं.
स्टँडजवळच्या हॉटेलात, दम्यानं वाकलेली,
बशीतला चहा फुंकत. वर रेडिओवर तेच.
अज्जी, हे तुमचंच ना?
दुसऱ्या कडव्यापर्यंत ऐकलं तिनं.
“चांगलं म्हणतीय की पोरगी,” म्हणाली.
“पन पगार दिला का न्हाई तिला?”

जिनगोंडाबद्दल विचारायचं राहून गेलं.
वडील सांगायचे, मालकाकडनं पैसे आलेले असले तरी
तो कधीकधी एक दिवस थांबवायचा,
तो आकार ऐकायला मिळावा म्हणून.
आईला हे खरं वाटतं. तिचे डोळे भरतात.
मी त्या एका दिवसाला
साठनं गुणत बसते.