नवसाचा सिनेमा

इथे नोंगखाईत, मेकाँगच्या काठी,
मूल झालं, चोरीला गेलेला ट्रक सापडला,
की लोक देवाला सिनेमा कबूल करतात.
मी तो दाखवतो.
पडदा देवळाच्या दाराकडे तोंड करून,
पुढे लाल प्लास्टिकच्या बारा खुर्च्या, रिकाम्या.
त्यांवर माणसानं बसायचं नाही.

आजचा नवस टायरवाल्या प्रचुअपचा.
रीळ हाँगकाँगचं, माझ्याहून म्हातारं,
मधूनच हिरवं पडतं.
भाषा मँडरिन.
पुजारी कोक हेंग नेहमीसारखा कुरकुरतो,
"आमचे देव स्वातावहून होडीतून आलेले, तेओचिऊ बोलणारे.
त्यांना यातलं काय कळणार, कप्पाळ?"
आणि स्वतःच स्टूल ओढून बसतो,
उदबत्त्या विझल्या तरी उठत नाही.

मला यातली एकही भाषा येत नाही.
पण तीस वर्षांत एवढं कळलंय,
चहा ओतता ओतता बाई थांबली
की दारात कुणीतरी पत्र घेऊन उभं असतं
आणि पत्र बरं नसतं.

भिंतीला टेकून बुनथान बघतोय.
पलीकडचा, लाओसचा गवंडी.
काम लांबलं की त्याचा पूल चुकतो,
रात्री फाटक लागतं
आणि नदीपलीकडे त्याच्या गल्लीतला दिवा
इथून नुसता दिसत राहतो.

तिसऱ्या रिळात मुलगा घरी येतो.
किती वर्षांनी, ते ज्याला भाषा येते त्यालाच ठाऊक.
दाढी वाढलेली, एका पायात चप्पल.
आई ना रडते, ना जवळ घेते.
आत जाते. वाडग्यात भात वाढते,
वर अंडं ठेवते, जरा विचार करून
आणखी एक.

"आधी जेव," बुनथान म्हणाला.
मोठ्यानं, लाओमध्ये, पडद्याकडे बघत.
आणि मग आईचे ओठ हलले.

कोक हेंगनं मान वळवली.
लहानपणी दोन वर्षं शाळेत
छड्या खाऊन तो मँडरिन शिकला होता.
"तेच म्हणाली ती," तो म्हणाला,
आणि स्टुलावर थोडा सरकला.
अर्धं स्टूल. बुनथान येऊन बसला.

मग फिल्म तुटली.
मी चिकटपट्टी शोधेपर्यंत
पांढऱ्या उजेडात बारा खुर्च्या
आणि कुणीच काही बोललं नाही.

सकाळी फाटक उघडायच्या आधी
बुनथाननं माझ्याबरोबर खुर्च्या रचल्या.
प्रचुअपचा फोन आला,
"आवडला का देवांना?"

मी म्हटलं, एक जण रडला.