रेजिदोर

कुडचड्याच्या सिने एस्ट्रेलात
आयतारी सकाळी दहाला इंग्रजी खेळ लागायचा.
पुढच्या बाकांवर खाणीवरचे ट्रकवाले, केसांत लाल माती तशीच,
मागे खुर्च्यांवर मास्तर, कंपाउंडर आणि पाद्री.
इंग्रजी नीट यायचं ते एकट्या पाद्रीला,
आणि तो झोपायचा.

नायक बदलायचे. घोडे बदलायचे.
हा मात्र असायचाच:
रुंद कपाळ, डावी भुवई मधोमध तुटलेली,
छातीवर पत्र्याचा तारा,
दारात उभा, जणू शेतसारा मागायला आलाय.
पहिल्यांदा कोण ओरडलं ठाऊक नाही,
"आयलो रे रेजिदोर!"
तेच नाव पडलं.
पुढे तो न्यायाधीश झाला, तुरुंगातला आचारी झाला,
कर्ज नाकारणारा बँकवाला,
एकदा तर चक्क बिशप, तेव्हा पाद्री जागा झाला होता.
आम्ही रेजिदोरच म्हणत राहिलो.
आमच्या गावचा खरा रेजिदोर
पोर्तुगीज गेल्यापासून सायकलवरून दूध आणायचा.
त्याला हे आवडत नसे.

वडील वर, मशीनच्या खोलीत.
रीळ आमच्यापर्यंत पोचायचं
तोवर निम्म्या देशाच्या दातांखालून गेलेलं.
तुटलं की वडील दोन्ही टोकं खरवडून चिकटवत,
मधल्या चार-सहा चौकटी जमिनीवर.
नायिकेचे तुकडे आधीच कुणीतरी कापून नेलेले असत.
ह्याचे कुणी नेत नसे.
ते माझे.

मी मोजलं होतं: सतरा वेळा मेला.
बहुतेकदा गोळीनं, दोनदा फास,
एकदा नुसता खुर्चीत, टोपी मांडीवर घेऊन.
गोळी लागली की आधी हातातला पेला
टेबलावर ठेवायचा, थेंब न सांडता,
मग पडायचा.
पेल्याचे पैसे भरलेत ना, तसं.

सत्त्याहत्तरच्या उत्सवात देवळासमोर नाटक,
मला काम दूताचं. दोन वाक्यं, एक मुजरा.
तालमीला तात्बा कुंकळ्येकर. म्हणाले,
"राजा बोलतो तेव्हा तू काय करतोस?"
"ऐकतो."
"खरंच ऐकतोस. कुणी शिकवलं?"
मी काय सांगणार. भुवई दाखवली असती
तर वेडा म्हणाले असते.

पुढे एकतीस वर्षं
भालदार, कोतवाल, सावकाराचा माणूस,
एका साली नुसतं चादरीखालचं प्रेत, पाय तेवढे बाहेर.
बायको म्हणायची, पाय छान केलेत.

एस्ट्रेलात आता फर्निचरचं दुकान आहे.
मशीनच्या खोलीत गाद्या.
मी एकदा गेलो होतो, सोफा बघतोय असं दाखवून
पडद्याच्या भिंतीपाशी जरा उभा राहिलो.
पोरानं किंमत सांगितली.

परवा नातीनं फोनवर त्याला शोधून काढलं.
ऑर्व्हिल टँक्स्ली.
दोनतीनदा म्हणून पाहिलं, तोंडात बसेना.
नावाखाली एकशे बासष्ट कामं:
काउंटरवरचा माणूस. दुसरा पंच. शेजारी.
रखवालदार. रखवालदार. रात्रीचा रखवालदार.
कित्येक ठिकाणी, नामावलीत उल्लेख नाही.
शेवटचं, दवाखान्यात वाट पाहणारा म्हातारा.
ते मी पाहिलेलं नाही.
"फेमस होता?" नातीनं विचारलं.
आमच्याकडे होता, म्हटलं. आयतारी, दहाला.

मग बिस्किटांचा डबा काढला.
गंज लागलाय, झाकणाला चमचा लावावा लागतो.
एक तुकडा खिडकीकडे धरून तिला दाखवला:
सहा चौकटी, सेकंदाचा चौथा हिस्सा.
सहाही चौकटींत तो वाकतोय,
पेला हातात.
"टेबल कुठे आहे?"
टेबल पुढच्या चौकटीत होतं.
ती रिळाबरोबर बेळगावला गेली.