कर्ता

पहिला अर्ज आला तेव्हा मी शिक्का मारला.
आवक क्रमांक, तारीख, तिरकी सही.
कुंदा बारकू तरे, निवृत्त शिक्षिका,
किसननगर, गल्ली तीन, पहिला मजला.
खालच्या गाळ्यात पॉवर प्रेस,
रात्री अकरा ते पहाटे चार
स्टीलच्या झाकणांवर ठोके.
‘फडताळातले पेले एकमेकांना लागतात,
आणि देव रोज बोटभर पुढे सरकतात.
सकाळी मी त्यांना मागे नेऊन ठेवते.’

मी छापील उत्तर पाठवलं:
तक्रारीची नोंद घेण्यात आली आहे.
योग्य ती कार्यवाही करण्यात येईल.

आठ दिवसांनी तेच पत्र परत.
‘घेण्यात आली’खाली एक लाल रेघ,
‘करण्यात येईल’खाली दोन.
समासात सुवाच्य, बारीक अक्षर:
वाक्यात कर्ता नाही. कोण करील?

ऑफिसात आम्ही सगळे हसलो.
पिंगळे म्हणाले, बाईंचा वेळ जात नाही.

कागद फिरला.
आरोग्य म्हणालं, हे परवाना खात्याचं.
परवाना म्हणालं, आवाज ना? मग पोलिसांचं.
पोलिसांनी लिहिलं, सदर बाब पालिकेची.
दोन महिन्यांनी फाईल माझ्याच टेबलावर उतरली,
अंगावर चहाचे दोन गोल घेऊन.

प्रकरण तपासण्यात येत आहे.
संबंधितांना सूचित करण्यात आले आहे.
लाल शाई दर वेळी:
‘संबंधित’ हे नाम की विशेषण?
‘योग्य ती’ म्हणजे कोणती, सोदाहरण स्पष्ट करा.
एकदा तर दहापैकी दोन गुण.
शुद्धलेखनाचे.

नोकरीत लागलो तेव्हा मोठ्या साहेबांनी शिकवलं होतं:
वेखंडे, पत्रात ‘मी’ येऊ द्यायचा नाही.
मी आला की मागून चौकशी येते.
एकोणीस वर्षं मी तो येऊ दिला नाही.

दिवाळीनंतरच्या अर्जात व्याकरण नव्हतं.
काल बाळकृष्ण पडला. पितळी आहे, फुटला नाही.
‘उपद्रव’ हा शब्द माझा नव्हे, तुमच्याच कायद्यातला.
तो दूर करणं तुमचं काम, असंही तिथेच लिहिलंय.
तुमचं म्हणजे कोणाचं,
एवढंच विचारते.

त्या रात्री साडेअकराला मी जिना चढलो.
हातात पत्र नव्हतं, गळ्यात ओळखपत्रही नाही.
बाईंनी काही विचारलं नाही.
काठोकाठ पाण्याचा पेला टेबलावर ठेवला
आणि समोर बसल्या.
पाणी आकसायचं, पसरायचं,
काठावरून एक थेंब उतरायचा.
‘साखर’ आणि ‘किती’ यांच्यामध्ये
तीन ठोके पडले.
चार वाजेपर्यंत पेला अर्धा बोट रिकामा झाला.
प्यायला कुणीच नव्हता.

उतरताना गाळ्यात डोकावलो.
कानात कापूस कोंबलेला एक पोरगा
झाकणं मोजत होता.
माझ्याकडे बघून त्याने मशीन थांबवलं नाही.
कसं थांबवणार? त्याला कोण मी?

सकाळी टिपणी लिहिली:
मी, दत्ताराम वेखंडे, वरिष्ठ लिपिक,
काल रात्री हा आवाज स्वतः ऐकला.
पिंगळ्यांनी निळ्या पेनाने ‘मी’ खोडला.
असं लिहितात का?
मी पुन्हा लिहिला.
या वेळी जरा दाबून,
मागच्या पानावर उमटेल इतका.

फाईल आता वरच्या मजल्यावर आहे.
गाळा चालू आहे.
बाईंना प्रत पाठवली होती, ती आज परत आली.
‘मी’भोवती लाल गोल,
‘ऐकला’खाली रेघ.
समासात:
कर्ता सापडला.
आता क्रियापद बदला.