सोमवार, बुधवार, शुक्रवार

पहाटे पाचला मी मशीनमध्ये नळ्या भरते.
साडेपाचला क्लिओटिस बायनम येतात,
वय सत्त्याऐंशी, काखेत घरची उशी.
डावा हात पुढे करतात.
मनगटाच्या वर जिथे शीर धमनीला जोडलीय
तिथे बोट ठेवलं की आतून घुमतं.
"सुरात आहे ना?" ते विचारतात.
"खर्जात," मी म्हणते.
खर्ज म्हणजे काय ते एकदाच सांगावं लागलं.
आता तेच इतरांना सांगतात, चुकीचं.

चार तास.
शेजारच्या खुर्चीत ओडेसा फेल्प्स:
पियानो. रविवारी चर्चमध्ये,
शनिवारी चर्च जिथे जाऊ नको म्हणायचं तिथे.
दोघांच्या मधे एक रात्र पडून आहे,
इतक्या वर्षांत कोणी उचललेली नाही.

क्लिओटिस सांगतात,
अठ्ठावन्नचा फेब्रुवारी, इंडियाना अ‍ॅव्हेन्यू,
पर्ल रूम, मागचा कालवा गोठलेला.
लव्हर्न गॅडीने ट्रंपेट ओठांवरून काढला
आणि पूर्ण बत्तीस बार वाजवलंच नाही.
नुसता उभा.
"ठेका मी धरून ठेवला. एकट्याने.
तशी शांतता त्याआधी
अख्ख्या इंडियानापोलिसात कोणी वाजवली नव्हती."

"एकसष्ट," ओडेसा डोळे न उघडता म्हणते.
"मार्च. आणि त्याचा दात पडला होता. पुढचा.
पेडलखालून मीच उचलून दिला."
"दात नंतर पडला."
"नंतर कसा पडेल? पडला म्हणून तर थांबला!"
तेवढ्यात क्लिओटिसचं मशीन ओरडतं,
रक्तदाब चढलेला.
मी दोघांच्या तोंडात बर्फाचा एकेक खडा ठेवते.
पाणी मोजून द्यायचं असतं.
भांडणाला तसं माप नाही.

कुठल्याशा हॉटेलबद्दल मात्र दोघांचं एकमत:
वाजवायला झुंबराखाली,
आत शिरायला स्वयंपाकघराचं दार,
जेवायला खरकट्या ताटांच्या टेबलाशी, उभ्याने.
"तुला नाही कळायचं, पोरी."

मग मी सांगितलं.
सांगोल्याचा जनता ब्रास बँड, बाबांची क्लॅरिनेट,
लाल कोट, खांद्यावर उसवलेली जर.
वरात दारात पोचली की नवरदेव आत,
आणि बाबा, आणि डोक्यावर गॅसबत्त्या घेतलेल्या बाया
मांडवाच्या मागे.
पंगती उठल्या की पत्रावळी.
कधी बुंदी उरायची, कधी नुसता रस्सा.

ओडेसाने मान हलवली.
क्लिओटिस बराच वेळ ब्लँकेटवर
उजव्या हाताने काहीतरी घासत राहिले.
मग म्हणाले, "ताल कोण धरायचं?"

मला आठवेना.
ताशा आठवला, त्याखाली शेकायला पेटवलेला कागद,
काड्या आठवल्या, माणूस नाही.
रात्री भावाला फोन केला, तोही चाचरला,
आईला विचारून आला.
धोंडिबा ऐवळे.
बुधवारी सुई टोचायच्या आधी मी नाव सांगितलं.
क्लिओटिसने ते दोनदा म्हणून पाहिलं,
दुसऱ्यांदा 'धों'वर जोर देऊन.
"पहिल्या अक्षरावर वजन.
ड्रमरचंच नाव."

अ‍ॅव्हेन्यूवरून हायवे गेला.
उरलेलं हॉस्पिटलने घेतलं, विद्यापीठाने घेतलं.
पर्ल रूम कुठे होती, मी विचारलं.
यावरही दोघं भांडले,
पण फरक वीस पावलांचाच निघाला:
कर्मचाऱ्यांचं पार्किंग, सी रांग.
माझी गाडी तिथेच असते.

दुपारी सुटल्यावर चावी फिरवत नाही लगेच.
काचेवर बर्फाचा चुरा.
शेजारच्या गाडीचं इंजिन निवताना टिकटिकतंय,
जरा घाईत, क्लिओटिस म्हणाले असते.
बाबा एस्टी स्टँडपासून लग्नघरापर्यंत
बोलायचे नाहीत.
आम्हाला वाटायचं, रागावलेत.
रीड ओली राहावी म्हणून तोंडात धरलेली असायची.